तिसरी पट्टी

"आडनाव नको. आडनाव सांगितलं की माणूस लगेच मोठा नाहीतर लहान व्हायला लागतो. नुसतं नाव सांगा."

"मुकुंद."

कुमुदिनीबाई सरनोबतांनी पुठ्ठ्याच्या चौकोनावर बोरूनं माझं नाव लिहिलं. काळी शाई, सरळ ओळ, आणि अक्षराच्या शेवटी टोक किंचित वर उचललेलं, जणू अक्षराला उठून जायची घाई आहे. पस्तीस वर्षं मुलींच्या शाळेत चित्रकला शिकवलेला हात तो. पुठ्ठा त्यांनी स्वतः पिनेनं माझ्या खिशावर टाचला.

"आता तुम्ही इंजिनिअर साहेब नाही. पाहुणे आहात. या रांगेत."

अठ्ठ्याण्णव सालचा डिसेंबर, रविवार, सकाळचे आठ. कोल्हापुरात स्टेशनजवळच्या एका जुन्या पेट्रोल पंपासमोर आम्ही सतरा जण छातीवर नावं लावून उभे होतो. बाईंचा हा उद्योग निवृत्तीनंतरचा. बाहेरून येणारा प्रत्येक जण देऊळ बघतो, राजवाडा बघतो, तांबडा-पांढरा पितो आणि जातो. बाई दाखवायच्या ते स्वातंत्र्यानंतरचं कोल्हापूर. सिमेंटचं, लोखंडाचं, काचेचं. 'नवं कोल्हापूर, चालत' असं पत्रक काढलं होतं त्यांनी.

"अंबाबाईला दुपारी जा," त्या सुरुवातीलाच सांगायच्या. "ती कुठं जात नाही. या इमारती मात्र जायला लागल्यात. म्हणून आधी या बघायच्या."

मी हौसेनं आलो नव्हतो. पाहुण्यांना शेवटी रंगवैभव नाट्यगृह बघायचं होतं आणि ते त्या वर्षी बंद होतं. एक किल्ली वॉचमनकडे, पण तो गावाला गेलेला; दुसरी आमच्या ऑफिसात. आमचे दिवाण साहेब म्हणजे इमारतींची तब्येत तपासणारे सल्लागार. ते म्हणाले, "तोडकर, किल्ली घेऊन तू जा. आणि जातोयस तर डिसेंबरची नोंदही करून ये."

त्या नोंदीचं सांगायला हवं. रंगवैभवची गॅलरी खांबाशिवाय पुढं आलेली आहे, म्हणजे मागून भिंतीनं धरलेली आणि पुढून अधांतरी. चौसष्ट साली बांधली तेव्हा गावोगावचे लोक ती बघायला यायचे. ती जिथं भिंतीत शिरते तिथं एक भेग दिसली होती. नाट्यगृह मुलींची शाळा चालवणाऱ्या एका संस्थेचं. त्यातल्या काही सभासदांना इमारत पाडून दुकानगाळे हवे होते, काहींना नको होते. शेवटी तोड निघाली: भेगेवर काचेची पट्टी लावायची, वर्षभर दर महिन्याला बघायची. टिकली तर गॅलरी उघडायची. तुटली तर इमारत पाडायची.

ही साधी युक्ती आहे. बोटभर रुंद काच भेगेवर आडवी ठेवून दोन्ही टोकं प्लास्टरनं चिकटवायची, वर तारीख घालायची. भेग केसभर जरी हलली तरी काच तडकते. माणसाला सांभाळून घेता येतं, काचेला येत नाही.

जानेवारीत ती पट्टी मी लावली. फेब्रुवारीत जाऊन बघितली, मार्चमध्ये बघितली. पुढं एप्रिलपासून नोव्हेंबरपर्यंतच्या आठ नोंदी मी ऑफिसात, माझ्या टेबलावर, चहा पिता पिता केल्या. 'पट्टी शाबूत. बदल नाही.' खाली सही. मी आळशी होतो असं नाही. इचलकरंजीची कामं होती, वॉचमन जागेवर नसायचा, जिन्यात पारव्यांची घाण असायची. मुख्य म्हणजे फेब्रुवारीत आणि मार्चमध्ये ती जशी होती तशीच होती. दोनदा खरं लिहिलं की तिसऱ्यांदा न बघता लिहायला हात कचरत नाही. आठव्यांदा तर आपण बघूनच आलो असं वाटायला लागतं.

म्हणून त्या सकाळी माझ्या खिशात किल्ली होती, बगलेत वही होती आणि मनाला थोडी टोचणी होती. फार नाही. आज बघून येऊ, एक नोंद तरी खरी होईल, असा हिशेब होता.

चालताना माणसं टिपत राहायची माझी जुनी खोड. माझ्याखेरीजच्या सोळांत तीन प्रकार होते. भिंतीला हात लावणारे चार, फोटो काढणारे आठ, आणि ऐकता ऐकता स्वतःच सांगणारे चार. या शेवटच्या चौघांचे म्होरके सांगलीचे नेर्लेकर, विम्यातून निवृत्त झालेले. छातीवर 'वसंत' लिहिलेलं असूनही पूर्ण नेर्लेकर. पेट्रोल पंपाचं छप्पर एकाच खांबावर, छत्रीसारखं. त्यापाशी बाई बोलत होत्या पाच मिनिटं, तेवढ्यात नेर्लेकरांनी तीनदा 'आमच्या सांगलीत' म्हटलं.

"आमच्या सांगलीत असल्याला चार खांब देतात," ते म्हणाले.

"देत असतील," बाई म्हणाल्या. "भीती वाटली की माणूस काठी जास्त घेतो."

पुढं एका डॉक्टरांचा बंगला. गोल कोपऱ्यांचा, जहाजासारखे सज्जे. बाईंनी रस्त्याच्या कडेला सगळ्यांना डोळे मिटायला लावले, बंगला आठवून सांगायला लावला. किती खिडक्या? कोणाला सांगता येईना. बाई म्हणाल्या, "बघता म्हणजे काय करता मग तुम्ही?" तो प्रश्न सगळ्यांना होता. मला उगीच वाटलं, माझ्याकडे बघून विचारला.

बंगल्याकडून निघालो तेव्हा मी त्यांच्या बरोबरीनं चालत होतो. काहीतरी बोलायचं म्हणून म्हणालो, "बाई, तुमच्या शाळेचं गॅदरिंग शनिवारी रंगवैभवलाच की. संस्थेच्या अध्यक्षांनी नाट्यगृह उघडायचं ठरवलंय."

"माहीत आहे. मुली खाली बसतील."

"खाली पालक. मुली गॅलरीत. तीनशे मुली. उद्या आमचा रिपोर्ट गेला की गॅलरी उघडणार."

बाई चालत्या होत्या त्या थांबल्या. मागचे दोघं त्यांना धडकता धडकता राहिले.

"गॅलरी वर्ष भरेपर्यंत बंद ठेवायची ठरलं होतं," त्या म्हणाल्या.

"अकरा महिने शाबूत राहिली. बारावा काय वेगळा असणार, म्हणाले अध्यक्ष."

"अकरा महिने," बाई म्हणाल्या.

मग त्या चालायला लागल्या. त्यानंतर दोन इमारती झाल्या, एक टपाल खात्याची आणि एक सहकारी वसाहत, पण बाई नुसत्या नावं सांगून पुढं निघाल्या. वसाहतीसमोर तर साल चुकल्या. नेर्लेकरांनी दुरुस्त केलं आणि बाई चक्क "हो" म्हणाल्या. ते 'हो' ऐकून नेर्लेकरही चपापले असावेत.

मला वाटलं, वय झालं, दमल्या.

रंगवैभवचं कुलूप मी उघडलं. आत गार, बुरसट वास, वरच्या झरोक्यांतून पट्ट्यापट्ट्यांनी येणारा उजेड. तो उजेड रंगमंचावर पडतो आणि वर बघितलं की गॅलरी दिसते, आपल्या डोक्यावर पुढं आलेली, खालून कसलाही आधार नसलेली. भिंतीला हात लावणारेसुद्धा हात मागं बांधून उभे राहिले.

बाईंनी खालूनच सगळं सांगितलं. मग म्हणाल्या, "झालं. आता बाहेर चहा सांगितलाय."

"आणि वर?" नेर्लेकर म्हणाले.

"आज वर नको."

"पत्रकात गॅलरी लिहिलंय बाई. मी पत्रक वाचून आलोय. माझा साडू मागं येऊन गेला तुमच्याबरोबर. तो म्हणाला, वर नेऊन तुम्ही सगळ्यांना एकदम पाय आपटायला लावता, आणि गॅलरी खालून कशी दाद देते ते कळतं. तेवढ्यासाठी आलोय मी."

"पारव्यांची घाण आहे वर."

"आमच्या सांगलीतही पारवे आहेत."

बाकीचेही लागले म्हणायला. एक बाई बंगळूरहून मुद्दाम आल्या होत्या. बाईंनी माझ्याकडे बघितलं. आज मला कळतं की त्या मदत मागत होत्या. मी इंजिनिअर, एक शब्द बोललो असतो तर विषय संपला असता. पण मला वर जाऊन पट्टी बघायची होती, आणि एकट्यानं गेलो असतो तर काहीतरी तपासायला गेलो असं दिसलं असतं.

"चला की बाई," मी म्हणालो. "मला पण बघायचंय. किल्ली आहेच."

"तुम्हाला बघायचंय," बाई म्हणाल्या. जरा थांबून, "आज?"

आणि त्या पुढं होऊन जिना चढायला लागल्या.

गॅलरी पायऱ्यापायऱ्यांची. दार मागं, सगळ्यांत वर, तिथल्या रांगा भिंतीवर बसलेल्या. पुढं उतरत जाल तसं खालचं बळ संपत जातं. बाई दारातच थांबल्या आणि म्हणाल्या, "वरच्याच रांगांत थांबायचं. पुढं कोणी जायचं नाही." पण सोळा जण जिन्यातून एकदम आत आल्यावर कोण कुणाचं ऐकतंय. फोटोवाले थेट कठड्यापर्यंत उतरले. नेर्लेकर मध्यभागी जाऊन उभे राहिले, लग्नात फोटोला उभे राहतात तसे.

मी डाव्या कोपऱ्यात गेलो. तिथंच, गुडघ्याच्या उंचीवर, भेग. मी उकिडवा बसलो.

पट्टी शाबूत होती.

काय सुटल्यासारखं वाटलं सांगू. आठही नोंदी एका क्षणात खऱ्या झाल्या. मी वही उघडली, पेन काढलं, 'पट्टी शाबूत' लिहिलं. तारीख लिहायची म्हणून पट्टीवरची तारीख बघितली. १४-१-९८. मी लावली तोच दिवस.

आकडे सुंदर होते.

माझं अक्षर आजवर कोणी सुंदर म्हटलेलं नाही. आईनंसुद्धा नाही. मी ती तारीख बॉलपेननं, पाठ वाकवून, ओल्या प्लास्टरवर ओढली होती आणि शेवटचा आकडा फिसकटला होता. हे आकडे काळ्या शाईत, एका ओळीत, आणि प्रत्येकाच्या शेवटी टोक किंचित वर उचललेलं.

माझ्या खिशावर, पिनेनं टाचलेल्या पुठ्ठ्यावर, तेच टोक होतं.

माझ्या मागं नेर्लेकर म्हणत होते, "सगळे ऐका. मी तीन म्हटलं की उजवा पाय. एकदमच पडला पाहिजे."

पट्टी बदलली होती म्हणजे आधीची तुटली होती. तुटली होती म्हणजे भेग हलली होती. हे मला कळायला एक श्वास लागला असेल. पुढच्या श्वासाला ओरडायला हवं होतं. नेमकं त्याच वेळी मला दुसरंही कळलं: आता मी तोंड उघडलं, तर पहिला प्रश्न येणार की पट्टी तुटली कधी, आणि त्या महिन्याच्या रकान्यात माझ्या सहीनं 'शाबूत' लिहिलेलं आहे.

"एक," नेर्लेकर म्हणाले.

मी उकिडवाच होतो. मान वळवली. बाई दारात उभ्या होत्या आणि माझ्याकडेच बघत होत्या. मी पट्टी बघितली, हे त्यांनी बघितलं होतं. आम्ही दोघं एकमेकांकडे बघत होतो आणि दोघांपैकी एकानं बोलायचं होतं.

"दोन."

"वसंतराव," बाई म्हणाल्या. आवाज चढवला नाही. पस्तीस वर्षं वर्ग सांभाळलेला आवाज होता तो. "पाय खाली. सगळ्यांनी मागं बघा. ग्रुप फोटो राहिलाय. इथं दारापाशी उजेड चांगला आहे, एकेक जण वर या. धावायचं नाही, रांगेनं. कठड्यापाशी आहेत ते आधी."

"पण पाय—"

"फोटोनंतर. या की वर. तुम्ही मधे उभं राहायचंय."

मधे उभं राहायला मिळतंय म्हटल्यावर नेर्लेकर आले. पुढचे आठ आले. मी मोजत होतो. एकेक पाऊल पायरीवर पडत होतं आणि मी प्रत्येकाबरोबर श्वास धरत होतो. सतरावा माणूस मी स्वतः होतो. सगळे दाराच्या रांगेत आल्यावर बाई म्हणाल्या, फोटो खाली रंगमंचावर जास्त छान येईल, आणि त्यांना तशाच जिन्याकडे वळवलं. बंगळूरच्या बाईंना पुढं घातलं. कोणाला काही कळलं नाही. दोन मिनिटांत गॅलरीत आम्ही दोघंच उरलो. खालून नेर्लेकरांचा आवाज येत होता, उंच माणसांनी मागं उभं राहावं.

"किती वेळा?" मी विचारलं.

"तुमची जूनच्या तिसऱ्या आठवड्यात गेली," बाई म्हणाल्या. "वॉचमनकडच्या किल्लीनं मी दर रविवारी आधी इथं येऊन बघायची. बघितलं तर मधोमध उभी चीर. मी लावलेली पहिली गणपतीत गेली, दुसरी दिवाळीत. ही माझी तिसरी. दिवाळीनंतरची."

"आणि तुम्ही नवी लावत राहिलात."

"फोटोफ्रेमवाल्याकडून काच कापून आणायची. प्लास्टर शाळेत शिकवलेलंच आहे."

"बाई, कळवायचं होतं."

"कळवलं असतं तर जुलैतच पाडली असती. दुकानगाळ्यांचे नकाशे तयार आहेत अध्यक्षांच्या कपाटात." त्या वरच्या रांगेतल्या खुर्चीवर बसल्या. फळी फुटकी होती, त्या कडेला सरकून बसल्या. "मला वाटलं, गॅलरी बंद आहे. चार पाहुणे आणायचे, वरच्या रांगांत उभे करायचे. पाय आपटणं मी जूनपासून बंद केलंय. वर्ष भरलं की दिवाण साहेबांना भेटून सांगायचं, पाडू नका, खालून आधार द्या. तेवढा वेळ काढत होते. तीनशे मुली बसवतील असं डोक्यात नव्हतं."

मी वही मिटली.

"मला एक सांगा," बाई म्हणाल्या. "तुम्ही मार्चनंतर आलात केव्हा?"

खोटं बोलायला वेळ होता. पण ज्या बाईनं माझी पट्टी तीनदा बदलली तिला काय सांगणार.

"आलो नाही."

"मला वाटलंच. पहिली तुटली तेव्हा आठ दिवस तशीच ठेवली होती मी. म्हटलं, महिना संपतोय, ते येतील, बघतील, त्यांचं काम ते करतील. मग सुटले आपण." त्या हसल्या नाहीत, पण हसल्यासारखा आवाज आला. "तुम्ही आला नाहीत. मग मी काच कापून आणली."

खालून नेर्लेकरांनी हाक मारली, "बाई, आम्ही उभे आहोत."

"आले," बाईंनी सांगितलं, आणि मला हळू म्हणाल्या, "उद्या अकराला मी अध्यक्षांकडे जाऊन सांगणार आहे मी काय केलं ते. तुमच्या वहीत काय लिहायचं ते तुमचं तुम्ही बघा. मी आपण होऊन तुमचं नाव घेणार नाही. पण मला विचारलं तर मी खोटं सांगणार नाही. एकदा सांगितलं, काचेवर. तेवढं बास."

त्यांनी खाली जाऊन फोटो काढून घेतला. माझ्याकडे त्याची प्रत आहे. मधे नेर्लेकर, उजवीकडून तिसऱ्या बाई, आणि मी टोकाला, बगलेत वही.

सोमवारी नऊ वाजता मी दिवाण साहेबांसमोर उभा होतो. पट्टी बदललेली आहे, कोणी बदलली, तीन वेळा तुटली, सगळं सांगितलं. आठ नोंदींचं सांगायला तोंड उघडलं, तेवढ्यात साहेबांनी फोन उचलला. आधी शाळेला लावला, शनिवारचं गॅदरिंग मैदानावर घ्या म्हणून. मग अध्यक्षांना. मग रिसिव्हर ठेवून वही ओढली आणि एप्रिलपासूनची पानं उलटली.

"तुला पट्टी शाबूत दिसली," ते म्हणाले.

"साहेब, मी—"

"जूनमध्ये बाईंनी नवी लावली. म्हणजे जूनमध्ये तिथं जी पट्टी होती ती शाबूतच होती. सप्टेंबरमध्ये तेच. नोव्हेंबरमध्ये तेच. तू लिहिलंस शाबूत. चूक कुठं आहे? फसवणूक झाली ती आपली."

"पण साहेब, मी तिथं—"

"मी विचारत नाहीये, तोडकर," साहेब म्हणाले. "मी सांगतोय."

मी वही परत घेतली. घेताना लक्षात आलं की ती आता हलकी लागत होती.

बुधवारी संस्थेत बैठक झाली. गोल टेबल, अध्यक्ष चौगुले अण्णा, पाच सभासद, दिवाण साहेब, मी, आणि टेबलाच्या दुसऱ्या टोकाला बाई. बाईंनी सगळं सांगितलं. तारखा सांगितल्या, काचा कुठून आणल्या ते सांगितलं, तुटलेल्या तीन पट्ट्यांचे तुकडे रुमालात बांधून आणले होते ते टेबलावर ठेवले. कारण सांगितलं नाही. कोणी विचारलंही नाही. दिवाण साहेबांनी सांगितलं की इमारत पाडायची गरज नाही, खालून खांब दिले तर गॅलरी राहील. सभासदांत वाद झाला, गाळेवाले हरले. आज गॅलरी उभी आहे. खालून चार लोखंडी खांब आहेत, आणि ती अधांतरी दिसावी म्हणून ज्यांनी दर रविवारी लोकांना आणलं त्या बाईंना परत तिथं कोणाला आणायची परवानगी संस्थेनं कधी दिली नाही. दुरुस्तीच्या फलकावर दिवाण साहेबांचं नाव आहे. खाली माझं आहे.

बैठक संपत आली होती. 'पट्टीत परस्पर फेरफार केल्याबद्दल' असं काहीतरी कारकून लिहीत होता. अण्णा सवयीनं कागद आवरत म्हणाले, "बाई, एक राहिलं. तुम्ही दर रविवारी तिथं असायचा. हे तोडकर महिन्याच्या महिन्याला येऊन बघत होते ना? म्हणजे नोंदीला तसं लिहितो."

साहेबांनी पेनाचं टोपण लावलं, काढलं, परत लावलं.

बाई माझ्याकडे बघत होत्या. त्यांना विचारलं गेलं होतं. विचारलं तर खोटं सांगणार नाही, असं त्या म्हणाल्या होत्या, आणि बाई म्हणाल्या की तसं करायच्या. मी टेबलाखाली हात धरून बसलो होतो.

"ते इथंच बसलेत की अण्णा," बाई म्हणाल्या. "त्यांनाच विचारा."

सगळ्यांच्या माना माझ्याकडे वळल्या. सात माणसं आणि एक कारकून, पेन उचलून.

"येत होतो," मी म्हणालो.

कारकुनानं लिहिलं. अण्णांनी मान डोलावली. साहेब खुर्ची मागं सारून उठले.

बाईंनी काचेचे तुकडे परत रुमालात बांधले, एकही टेबलावर राहू दिला नाही. पर्स खांद्याला लावली. माझ्या खुर्चीमागून जाताना क्षणभर थांबल्या आणि माझ्या कानाशी, वर्गात एखाद्या मुलीला सांगावं तशा, म्हणाल्या, "मोठ्यानं सांगितलंत ते बरं केलंत. मागच्या बाकापर्यंत ऐकू गेलं."